लियाकतभाई आणि वळणावरची बाई

परवा पोलादपूरहून महाडला येताना एसटीत माझ्या पुढच्या सीटवर एक कॉलेजची मुलगी मोबाईलवर काहीतरी ऐकत होती. कानात काही घातलं नव्हतं, त्यामुळे निम्म्या गाडीला ऐकू येत होतं. आधी रातकिड्यांचा आवाज आला, मग कुणीतरी चालत असल्याचा, आणि मग एक माणूस अगदी सावकाश म्हणाला, "घाईत असाल तर ही गोष्ट ऐकू नका. तिला घाई नाय."

मुलगी अंग चोरून हसली आणि खिडकीकडे सरकली. मी मात्र तो आवाज ओळखला. ह्याच आवाजाने मला कितीतरी वर्षं रोज सकाळी विचारलं होतं, "संगीता, चहा सांगू का गो?" लियाकतभाईंना जाऊन आता वर्ष होत आलं. ते गेले, दुकान बंद झालं, आवाज मात्र अजून लोकांच्या खिशाखिशात फिरतो आहे.

लियाकतभाई म्हणजे महाडच्या बाजारपेठेतले लग्नाचे व्हिडिओवाले. पुराचं पाणी पेठेत शिरतं म्हणून त्यांनी स्टुडिओ पहिल्या मजल्यावर घेतला होता. खोली एकच, अरुंद, आणि तिची एकुलती खिडकी शेजारच्या इमारतीच्या भिंतीवर उघडायची. त्या खोलीत मी मिक्सिंगचं काम करायचे, म्हणजे हळदीपासून पाठवणीपर्यंतचं सगळं शूटिंग कापून, जोडून, वर गाणी चढवायची. लियाकतभाई माझ्या मागे उभे राहून सूचना द्यायचे. उंच, जरा वाकलेले, मेंदी लावलेली दाढी, खिशात कायम बडीशेप. आणि आवाज असा, की त्यांनी नुसतं "पंखा लाव" म्हटलं तरी समोरचा क्षणभर थांबायचा.

त्यांना भीतीच्या गोष्टींचं वेड होतं. लहानपणी गल्लीत भाड्याने मशीन आणून पडद्यावर सिनेमे दाखवायचे, तेव्हापासूनचं. लग्नाच्या कामाला ते कंटाळले होते. म्हणायचे, "लग्नात सगळी कॅमेऱ्याकडं बघून खोटी हसतात गो. घाबरलेला माणूस तेवढा खोटं बोलत नाय." आणि मग नकळत त्यांचं वेड लग्नात शिरायचं. एकदा नवरी जिना उतरून मंडपात येते, तो प्रसंग त्यांनी असा घेतला की आधी नुसता रिकामा जिना, बराच वेळ कोणी येत नाही, मग वरून फक्त पैंजणांचा आवाज. नवरीचे वडील स्टुडिओत येऊन आमच्यासमोर तो बघत बसले आणि म्हणाले, "लियाकतभाई, पोरगी नांदायला गेलीय का मसणातून उठून आलीय?" आम्हाला तो तुकडा काढावा लागला. नवरीने नंतर गुपचूप फोन करून तोच तुकडा मागून घेतला. हे लियाकतभाई आल्यागेल्याला सांगायचे.

असं असून माणूस स्वतः भलताच भित्रा. लाईट गेली की जिन्याखालच्या मोरीत जाताना ओरडायचे, "संगीता, हायस ना तिथंच?" मी "हाय हाय" म्हणायचे. थोड्या वेळाने परत, "बोलत राहा गो जरा!"

हळूहळू लोक मोबाईलवरच लग्नं काढायला लागले आणि आमचं काम कमी झालं. तेव्हा लियाकतभाईंनी इंटरनेटवर चॅनेल सुरू केलं. सुरुवातीला भुतांचं काही नव्हतंच. पाचाडची भातलावणी, शिवथरचा धबधबा, सावित्रीच्या काठचे पक्षी. कोणी बघत नव्हतं. एकदा त्यांनी गंमत म्हणून एका चकव्याची गोष्ट सांगितली. मागे काळा पडदा, समोर एक मेणबत्ती. आठवडाभरात ती कुठल्या कुठे गेली. मुंबईहून, पुण्याहून, कुवेतहून लोक लिहायला लागले, "भाई, अजून." लियाकतभाई ते मला वाचून दाखवायचे आणि त्यांचा चेहरा लहान मुलासारखा व्हायचा. मग पाण्यात ओढणारा गिऱ्हा आला, हडळ आली, आडातली बाळंतीण आली. ऐकणाऱ्यांचं पोट भरत नव्हतं.

मध्येच त्यांनी पुन्हा एकदा शिवथरच्या धबधब्याचा व्हिडिओ टाकला. साधा, सुंदर. खाली लोकांनी लिहिलं, "भूत कुठंय?" कोणीतरी लिहिलं, "पाण्याच्या डावीकडे बघा, चेहरा आहे." आणि मग शेकडो लोकांना तो चेहरा दिसायला लागला. लियाकतभाई आधी खूप हसले. दुसऱ्या दिवशी मी स्टुडिओत आले तर ते एकटेच स्क्रीनला नाक लावून बसलेले.

"काय बघताय?" मी विचारलं.

"काय नाय गो," ते म्हणाले. मग जरा वेळाने, "तुला दिसतो काय चेहरा?"

"नाही."

"मला पण नाय. पण आता धबधबा पण दिसत नाय. नुसता तो चेहराच शोधतोय." त्यांनी स्क्रीन बंद केली. "आता ही लोकं मला दुसरं काय करू द्यायची नाय, संगीता."

ह्याच सुमारास सोनूबाई आमच्यात आल्या. आंबेनळी घाटात एका वळणावर, रस्त्यापासून थोडं आत, त्यांचं घर होतं. दरडीच्या भीतीने बाकीची वाडी खाली गेली, सोनूबाई मात्र म्हशीसाठी तिथेच राहिल्या. नवरा वारलेला, मूलबाळ नाही. वळणावर बसून महाबळेश्वरच्या गाड्यांना काकड्या आणि करवंदं विकायच्या. साठीच्या आसपास वय, काटक, उंच, केस मोकळे आणि पांढरेफेक, आणि हसणं असं की रस्त्याच्या पलीकडून गाडी थांबावी. लियाकतभाई काकडी घ्यायला थांबले आणि तासभर तिथेच रमले. परत आले ते ठरवूनच, की पुढची गोष्ट नुसती सांगायची नाही, चित्रित करायची.

शूटिंगला मीही गेले होते. सोनूबाईंना पांढरं लुगडं नेसवलं होतं. सूर्य कलता होता, धुकं उतरत होतं आणि त्यांनी वळणावरून पाठमोरं चालत जायचं होतं. एवढंच. पण त्यांना हसूच आवरेना.

"भूत करताव मला? आता म्हस दूध देयाची नाय रं!"

"सोनूबाय, हसू नको गो. तू मेलेली हायस."

"मेली म्हनून हसायचं नाय काय?"

असं कितीदा तरी झालं. शेवटी लियाकतभाईंनी ते हसणंसुद्धा ठेवलं. स्टुडिओत येऊन त्यांनी ते हळू केलं, आणखी हळू केलं, आणि एका जागी माझ्याच अंगावर काटा आला. ती खळखळून हसणारी बाई कुठेच राहिली नव्हती. तळघरातून कोणीतरी कण्हत वर येतंय असा आवाज झाला होता. "हेच," लियाकतभाई म्हणाले, आणि लगेच बडीशेप तोंडात टाकून खोलीबाहेर जाऊन उभे राहिले. त्यांनाही तो सहन झाला नव्हता.

त्या व्हिडिओने हाहाकार उडवला. आंबेनळीच्या वळणावरची बाई सगळ्या महाराष्ट्राच्या मोबाईलमध्ये गेली. सोनूबाईंना सुरुवातीला मजा वाटली. पोरं गाड्या घेऊन यायची, त्यांच्याकडूनच काकडी घेऊन त्यांनाच विचारायची, "आजी, इथे ती बाई कुठे दिसते?" सोनूबाई सांगायच्या, "मीच ती!" पोरं हसायची. मग एका पोराने त्यांचे मोकळे केस नीट बघितले, हातातली काकडी टाकली आणि पळाला. तिथून पुढे सगळं फिरलं.

घरावर दगड यायला लागले. विहिरीत लिंबं आणि काळ्या बाहुल्या पडायला लागल्या. खालच्या वाडीतल्या, जन्मभर ओळखणाऱ्या बायकासुद्धा लहान पोरांना त्यांच्यापुढून पदराआड धरून न्यायला लागल्या. कारण व्हिडिओ त्यांनीही बघितला होता. एक दिवस सोनूबाई एसटीने महाडला आल्या, जिना चढून स्टुडिओत बसल्या आणि म्हणाल्या, "लियाकत, ह्ये बंद कर बाबा. माज्या भाचीनं बाळाला माज्या मांडीवर नाय दिला."

लियाकतभाईंनी त्याच दिवशी व्हिडिओ काढून टाकला. पण तोवर त्याच्या नकला दहा ठिकाणी झाल्या होत्या. मग त्यांनी शूटिंगच्या वेळचं सगळं बाहेर काढलं. लुगडं नेसवताना, हसताना, "म्हस दूध देयाची नाय" म्हणताना. ते जोडून त्यांनी टाकलं आणि स्वतः कॅमेऱ्यासमोर बसून हात जोडून सांगितलं, की ही सोनूबाई, जिवंत आहे, माझ्या बहिणीसारखी आहे, मी गोष्ट रचली होती.

खाली लोकांनी लिहिलं, "भाईंना कोणीतरी धमकी दिलीय." "भाईंचे डोळे बघा, ते घाबरलेत." "हसणं नंतर चिकटवलंय, खरं हसणं पहिल्या व्हिडिओत आहे."

हा नवा व्हिडिओ पहिल्यापेक्षा जास्त चालला. लियाकतभाई खुर्चीत बसून ते वाचत राहिले. त्यांनी जेवढं खरं सांगावं तेवढी गोष्ट लांबत होती, आणि गप्प बसावं तर तेही गोष्टीतच जमा होत होतं. भाभी, म्हणजे त्यांची बायको, डबा घेऊन आली तेव्हा ते तिला म्हणाले, "बोललो तरी पाय चिखलात आत, नाय बोललो तरी आत." भाभीने फोन त्यांच्या हातातून काढून घेतला आणि डबा ठेवला. पण त्यांनी तो उघडलाच नाही.

मग आला तो एप्रिलचा दिवस. भरदुपारी आम्ही एका हळदीचं मिक्सिंग करत होतो. माझ्या मोबाईलवर सूचना आली आणि मी ती उघडली. कोणीतरी घाटातून थेट दाखवत होतं. सोनूबाईंचं घर, दाराला बाहेरून कडी. कपाळभर कुंकू लावलेला एक भगत चौकटीत खिळे ठोकतोय, पोरं घराभोवती काळा दोरा गुंडाळतायत, आणि एक जण कॅमेऱ्यात बघून सांगतोय, "मित्रांनो, आज आपण हिला कायमचं बंधन घालतोय. ती आत आहे. आत्ताच ओरडत होती."

आतून काहीच आवाज येत नव्हता.

लियाकतभाईंनी गाडीची किल्ली उचलली. मी मागोमाग धावले. त्यांची जुनी व्हॅन हायवेला लागली तेव्हा मी पोलीस ठाण्याला फोन लावला. ते म्हणाले, गाडी घाटात वरच्या अंगाला अपघाताला गेली आहे, तिथून सुटली की लगेच वळवतो. लियाकतभाई म्हणाले, "लिही त्या पोरांना खाली, ती बाई जिवंत हाय." मी लिहिलं. त्यावर हसरे चेहरे आले. मी लिहिलं की आत माणूस आहे, दार उघडा. कोणीतरी उत्तर दिलं, "असं बोलूनच ती दार उघडायला लावते."

पोलादपूर मागे पडलं आणि घाट सुरू झाला. प्रत्येक वळणाला रेंज जायची आणि चित्र गोठायचं. गोठलेल्या चित्रात ते बंद दार. पुढच्या वळणावर पुन्हा हलायला लागलं की बघणारे आणखी वाढलेले. व्हॅन दुसऱ्या गिअरमध्ये कण्हत होती. लियाकतभाईंच्या कपाळावरून घाम गळत होता आणि ते तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणत होते. दुआ असावी.

आम्ही पोचलो तेव्हा गोठ्यात म्हैस हंबरत होती. लियाकतभाईंना बघून पोरांनी जल्लोषच केला. "भाई! ओरिजिनल भाई आले! मित्रांनो, बघा कोण आलंय!" कॅमेरा त्यांच्या तोंडासमोर आला.

"दार उघडा," लियाकतभाई म्हणाले. "आत सोनूबाय हाय. माझ्या ओळखीची. ते सगळं मीच शूट केलंय, खोटं हाय. तिला पाणी तरी प्यायला मिळू दे रे."

"काय ॲक्टिंग आहे, भाई!" कॅमेरावाला म्हणाला.

"आधी वरडत होती, मग गप झाली," भगत खिळा दाखवत म्हणाला. "म्हंजे लागू पडलं."

लियाकतभाई दाराकडे निघाले तर दोघांनी त्यांना धरलं. आदराने धरलं, पण सोडलं नाही. "भाई, बंधन तुटेल. तुम्ही फक्त ती सुरुवातीची ओळ म्हणा ना."

मी बघत होते. लियाकतभाईंनी एकदा दाराकडे बघितलं, एकदा त्या पोरांकडे. मग त्यांचे खांदे पडले. आणि ते बोलले ते त्या आवाजात.

"तुम्ही दार बांधलंत," ते अगदी सावकाश म्हणाले. "पण ती आत हाय असं तुम्हाला सांगितलं कोणी?"

दोघांनी त्यांचे हात सोडले.

"आत कोणच नाय. गाडीतून किती जण आलात? मोजा."

एकाने बोटं नाचवून मोजलं, "पाच." दुसरा म्हणाला, "सहा ना?" पहिल्याने स्वतःला मोजलंच नव्हतं, एवढंच. पण त्या आवाजापुढे ते कोणाच्या लक्षात आलं नाही. कॅमेरावाल्याने मोजलं आणि भगतालाही हिशोबात धरलं. त्याचे सात झाले.

"तुमचा आकडा जुळत नाय," लियाकतभाई म्हणाले. "आता परत मोजू नका. गाडीत बसा. घाट उतरेपर्यंत शेजारच्याच्या तोंडाकडे बघू नका."

ऊन भाजत होतं, आणि तरी त्या पोरांचे चेहरे पांढरे पडले. एकाने हातातला दोरा टाकला. भगत सगळ्यात आधी गाडीत शिरला. गाडी वळली तशी लियाकतभाई तिच्यामागे धावले आणि त्यांच्या नेहमीच्या आवाजात ओरडले, "हळू चालवा रे! पुढं वळण हाय!"

मग त्यांनी कडी काढली.

सोनूबाई आत जमिनीवर बसल्या होत्या. हातात विळा होता. त्या आमच्याकडे बघत राहिल्या, उठल्या नाहीत. मी पाणी दिलं, ते अर्धं अंगावर सांडलं.

"मी वरडली, तर म्हनाले हडळ वरडतीय," त्या म्हणाल्या. "गप बसली, तर म्हनाले हडळ बांधली गेली. मग म्या काय करायचं, सांग."

लियाकतभाई दाराशी उभे होते.

"तू खरा बोललास तवा कोन हलला नाय. सगला ऐकत होती मी." त्यांनी विळा खाली ठेवला. "मग तू बोललास, आत कोनच नाय. लियाकत, अंधारात बसून मी पन घाबरली रं. मला पन वाटला, आत कोन नाय. मग मी कोन?"

लियाकतभाई उंबऱ्यावर बसले आणि ओंजळीत तोंड घालून रडले. मी त्यांना रडताना तेव्हाच बघितलं. सोनूबाई उठल्या, त्यांना ओलांडून बाहेर गेल्या आणि म्हशीला पाणी दाखवलं.

पोलीस आले, जबाब झाले, पुढे त्या पोरांना आणि भगताला बोलावून घेतलं. पण लियाकतभाईंची ती मोजणी थेट प्रसारणात सगळ्यांनी ऐकली होती. ती आजही सगळ्यात जास्त ऐकली जाते. एसटीतली ती मुलगी कदाचित पुढे तीच ऐकणार होती.

लियाकतभाईंनी चॅनेल बंद केलं. माईक, काळा पडदा, सगळं कोणाला तरी देऊन टाकलं. पोटापुरती लग्नं घ्यायचे. बोलणं कमी झालं, आणि बोलले तरी आवाज घशातच ठेवून बोलायचे. एका बारशात कोणीतरी आग्रह केला, "भाई, ते एकदा म्हणा ना," तेव्हा ते कॅमेरा तिथेच ठेवून निघून आले.

सोनूबाईंना घाटातलं घर सोडावं लागलं. म्हैस विकली. ते त्यांना घर सोडण्यापेक्षा जड गेलं. भाचीने, उशिरा का होईना, त्यांना पोलादपूरला आपल्याकडे नेलं. तिथल्या आठवडा बाजारात त्या टोपली घेऊन बसायला लागल्या, पण बायका त्यांच्यापुढून वाट बदलून जायच्या. हे कळल्यावर लियाकतभाई दर बाजाराला महाडहून जायला लागले. काही करायचे नाहीत. टोपलीशेजारी गोणपाटावर बसायचे आणि सोनूबाईंशी मोठ्याने काहीबाही बोलायचे. सुकटीचा भाव, गुडघेदुखी, भाभीने खारट केलेलं कालवण. माणसाशी माणूस बोलतोय हे लोकांना ऐकू जावं, म्हणून. सोनूबाई कधी उत्तर द्यायच्या, कधी तासभर तोंड फिरवून बसायच्या. तरी ते यायचे.

लियाकतभाईंना मी शेवटचं बघितलं ते तिथेच. पावसाळा संपून ऊन पडलं होतं. मी बाजारात शिरले तर टोपलीपासून थोड्या अंतरावर दोन पोरं मोबाईल वर धरून उभी होती, सोनूबाईंचं शूटिंग करत. लियाकतभाईंनीही ते बघितलं. ते ओरडले नाहीत, उठून भांडले नाहीत. नुसते बसल्या जागी सरकत सरकत मोबाईल आणि सोनूबाई यांच्या मध्ये आले आणि पाठ ताठ करून बसले. तेवढा उंच माणूस. त्यांच्यामागे टोपलीही दिसेना, सोनूबाईही दिसेनात.

"ए लियाकत," मागून आवाज आला, "बाजूला हो."

"पोरं मोबाईल धरून हायत गो."

"असूंदे. तू म्होरं बसलास तर गिऱ्हाइकाला मी कशी दिसनार? बाजूला हो, मला दिसूंदे."

 लियाकतभाई हात टेकून, गुडघे सांभाळत बाजूला सरकले. सोनूबाईंच्या तोंडावर ऊन पडलं. त्यांनी पांढरे केस कानामागे सारले, सरळ त्या मोबाईलकडे बघितलं आणि मोठ्याने विचारलं, "काकडी पायजे काय रं?"